भूसंपादनाचा मोबदला कमी वाटत असेल तर: कलम ६४ चा संदर्भ अर्ज, टप्प्याटप्प्याने

संदर्भ अर्ज म्हणजे निवाडा (मोबदला ठरवणारा जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश) मान्य नसल्याने प्रकरण प्राधिकरणाकडे, म्हणजे भूसंपादनाचे वाद ऐकणाऱ्या न्यायमंडळाकडे, पाठवा अशी मागणी. वाढीव मोबदल्याची बरीच प्रकरणे निकालाआधीच हातची जातात. कुणी पैसे उचलताना छापील पावतीवर मुकाट्याने सही करतो, कुणाचा अर्ज दोन महिने उशिरा पडतो, कुणी अर्ज वेळेत देतो पण पुरावा म्हणून फक्त सातबारा आणि तक्रार घेऊन उभा राहतो. पुढचे टप्पे ज्या क्रमाने दिले आहेत त्याच क्रमाने करा. महाराष्ट्रातील जमिनी आणि २०१३ चा भूसंपादन कायदा (१ जानेवारी २०१४ पासून लागू) डोळ्यांसमोर ठेवून हे लिहिले आहे.

## १. आधी बघा: तुमची जमीन कोणत्या कायद्याखाली गेली?

निवाड्याच्या पहिल्या पानावरच कायद्याचे नाव आणि कलम असते. ते न वाचता अर्ज लिहायला बसणे ही पहिली चूक.

- निवाडा २०१३ च्या कायद्याच्या कलम २३ खाली असेल, तर हा लेख जसाच्या तसा लागू. अर्ज कलम ६४ खाली.
- जमीन राष्ट्रीय महामार्गासाठी, १९५६ च्या राष्ट्रीय महामार्ग कायद्याखाली गेली असेल, तर कलम ६४ नाही. तिथे कलम ३जी(५) खाली लवादाकडे जायचे. मोबदला मोजण्याचे निकष मात्र १ जानेवारी २०१५ पासून २०१३ च्या कायद्याचेच. लवादाच्या निवाड्यावर पुढे जिल्हा न्यायालयात जाता येते, पण त्याची मुदत तीन महिने आणि सबळ कारण असेल तर आणखी ३० दिवस. शिवाय तिथे न्यायालय दर नव्याने ठरवत बसत नाही. म्हणून महामार्गाच्या प्रकरणात सगळा पुरावा लवादापुढेच यायला हवा. ‘पुढे कोर्टात बघू’ म्हणून चालत नाही.
- एमआयडीसी किंवा राज्य महामार्ग कायद्याखालचे संपादन असेल, तर त्या त्या कायद्यातले कलम आणि मुदत बघा. नमुना अर्ज उचलून कलम ६४ लिहून देऊ नका.
- जुन्या १८९४ च्या कायद्याखाली अधिसूचना निघाली, पण १ जानेवारी २०१४ पर्यंत निवाडा झालाच नव्हता, अशा प्रकरणात कलम २४ मुळे मोबदल्याची मोजणी नव्या कायद्याने होते. जुन्या दराने निवाडा दिला असेल तर तोच तुमचा पहिला मुद्दा.

इशारा: ‘थेट खरेदी’ने, म्हणजे वाटाघाटीने दर ठरवून खरेदीखत करून जमीन दिली असेल, तर तो निवाडा नव्हे. वाढीव रक्कम घेऊन संमतीने खरेदीखत नोंदवल्यानंतर कलम ६४ चा रस्ता उघडा राहत नाही. संमतिपत्रावर सही करण्याआधी पुढच्या पाचव्या टप्प्यातला हिशेब करून बघा.

## २. मुदत लिहून काढा

कलम ६४ ची मुदत दोन तऱ्हांची आहे.

निवाडा जाहीर झाला तेव्हा तुम्ही स्वतः किंवा तुमचा प्रतिनिधी हजर असाल, तर निवाड्याच्या तारखेपासून सहा आठवडे.

हजर नसाल, तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांपैकी जे आधी संपेल ते.

यात एक गोम आहे. निवाडा झाल्याचे कळवणारी नोटीस कलम ३७ खाली येते, पण कलम ६४ च्या मजकुरात उल्लेख आहे तो कलम २१ च्या नोटिशीचा, आणि ती निवाड्याच्या आधीच निघते. या विसंगतीवर वाद घालता येईल, पण स्वतःच्या जमिनीवर तो प्रयोग करण्यात शहाणपण नाही. निवाड्याच्या तारखेपासून सहा आठवडे, म्हणजे ४२ दिवस, हीच आपली मुदत असे धरून चाला.

मुदत टळलीच असेल, तर सबळ कारण दाखवून पुढच्या एक वर्षाच्या आत जिल्हाधिकारी अर्ज घेऊ शकतात. त्यासाठी विलंबमाफीचा वेगळा अर्ज आणि शपथपत्र जोडा. दवाखान्याचे कागद, टपालाचा शेरा, बाहेरगावी असल्याचा पुरावा यांसह. ‘मला कायदा माहीत नव्हता’ हे कारण टिकत नाही. ‘निवाड्यातला मजकूर मला अमुक तारखेलाच कळला’ हे कारण टिकू शकते. केवळ निवाडा झाल्याची कुणकुण पुरेशी नाही, त्यातला महत्त्वाचा तपशील कळायला हवा, असे सर्वोच्च न्यायालयाने जुन्या कायद्याखालच्या प्रकरणांत म्हटले आहे. पण मग तो तपशील कधी कळला हे तुम्हालाच सिद्ध करावे लागते. म्हणून नोटिशीचे पाकीट, त्यावरचा टपालाचा शिक्का आणि नकलेच्या अर्जाची पोच फेकू नका.

तपासा: नोटीस कुणाच्या हातात पडली? घरात सामायिक खाते असेल तर प्रत्येक खातेदाराची तारीख वेगळी असू शकते.

## ३. पैसे उचला, पण निषेध नोंदवून

‘पैसे घेतले तर दावा गेला’ ही अर्धवट माहिती गावोगाव फिरते. कलम ७७ सांगते की रक्कम अपुरी असल्याचा निषेध नोंदवून पैसे घेता येतात. निषेध न नोंदवता घेतले, तर मात्र कलम ६४ चा अर्ज करता येत नाही. पैसे न उचलल्याने फारसे काही साधत नाही. रक्कम प्राधिकरणात जमा होते आणि ती सोडवायला पुन्हा अर्ज करावा लागतो.

भूसंपादन कार्यालयातल्या छापील फॉर्मवर बहुधा ‘सदर रक्कम मला मान्य असून माझी कोणतीही तक्रार नाही’ अशा धाटणीचे वाक्य असते. ते खोडून, खोडलेल्या जागी सही करून, खाली स्वतःच्या अक्षरात लिहा:

> ‘सदर रक्कम अपुरी असल्याने निषेध नोंदवून, कलम ६४ खालील हक्क अबाधित ठेवून स्वीकारत आहे.’

पावतीवर लिहू देत नसतील, तर त्याच दिवशी याच मजकुराचे वेगळे पत्र आवक-जावक कक्षात देऊन पोच घ्या. शिवाय स्पीड पोस्टनेही पाठवा. रक्कम परस्पर खात्यात जमा होणार असेल, तर हे पत्र जमा होण्याच्या आधी जायला हवे. सगळ्या भावांच्या वतीने एकाने लिहिले की झाले, असे समजू नका. पैसे घेणाऱ्या प्रत्येकाचा निषेध वेगळा नोंदलेला असावा.

## ४. कागद जमवा: दोन गठ्ठे

पहिला गठ्ठा हक्काचा आणि क्षेत्राचा:

- निवाड्याची पूर्ण प्रमाणित प्रत. आपल्या गटापुरते एक पान नव्हे. दर कसा काढला हे विवेचन पुढच्या-मागच्या पानांवर असते.
- कलम ११ ची प्राथमिक अधिसूचना आणि कलम १९ ची घोषणा, प्रसिद्धीच्या तारखांसह.
- सातबारा (अधिसूचनेच्या आधीची किमान तीन वर्षे, पीकपाहणीसह), आठ-अ, संबंधित फेरफार.
- संयुक्त मोजणीचा नकाशा आणि ‘क’ प्रत, भूमी अभिलेख कार्यालयातून. मोजणीचा आणि झाडे-विहिरींचा पंचनामा.

दुसरा गठ्ठा किमतीचा:

- दुय्यम निबंधक कार्यालयातून आपल्या आणि लगतच्या गावांतल्या तीन वर्षांच्या व्यवहारांच्या सूची क्रमांक २ (इंडेक्स २) च्या नकला. त्यातून निवडलेल्या खरेदीखतांच्या प्रमाणित प्रती.
- त्या वर्षाचा वार्षिक मूल्यदर तक्ता, म्हणजे रेडी रेकनर, मार्गदर्शक सूचनांसह.
- जमीन बागायत असल्याचे पुरावे: कृषिपंपाची वीजबिले, पाटबंधारे खात्याच्या पाणीपट्टीच्या पावत्या, कारखान्याची ऊसबिले, ठिबक अनुदानाचे कागद, पीककर्जाचे उतारे.
- गावनकाशा. त्याचे काम आठव्या टप्प्यात.

सातबाऱ्यावर जिरायत आणि प्रत्यक्षात दहा वर्षे ऊस, हा प्रकार सर्रास असतो. भूसंपादन कार्यालय सातबारा बघते. म्हणून बिले आणि पावत्या हाच खरा आधार, आणि त्या अधिसूचनेच्या आधीच्या हव्यात. अधिसूचनेनंतर घेतलेली विहीर किंवा लावलेली डाळिंबे दाखवून काही मिळत नाही. उलट बाकीच्या दाव्यावरचा विश्वास उडतो.

## ५. निवाड्यातला हिशेब स्वतः मांडून बघा

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. वकिलाकडे जातानाही हा हिशेब सोबत न्या. ‘दर कमी आहे’ एवढ्यावर अर्ज उभा राहत नाही. नेमकी कुठली पायरी चुकली ते दाखवावे लागते.

बाजारमूल्य (कलम २६). मुद्रांक कायद्याखालचा दर आणि परिसरातल्या तशाच जमिनींच्या विक्रीची सरासरी, यांपैकी जे जास्त ते. (खासगी कंपनी किंवा सार्वजनिक-खासगी भागीदारीच्या प्रकल्पात संमतीने ठरलेली रक्कम ही तिसरी तुलना.) मूल्य ठरवण्याची तारीख कलम ११ च्या अधिसूचनेची, निवाड्याची नव्हे, ताब्याचीही नव्हे.

सरासरी कशी काढायची, इथेच घोळ होतो. संपादन प्रस्तावित झाले त्या वर्षाच्या लगतच्या मागच्या तीन वर्षांतली नोंदणीकृत खरेदीखते किंवा साठेखते (विक्रीचे करार) घ्यायची. त्यांतली जास्त दराची निम्मी बाजूला काढायची आणि फक्त त्या निम्म्यांची सरासरी घ्यायची.

समजा दहा खरेदीखते मिळाली आणि दर आरला हजारांत असे निघाले: १२, १३, १४, १५, १६, २०, २२, २४, २६, २८. सगळ्यांची सरासरी १९ हजार येते. कायद्याप्रमाणे वरच्या पाचांची सरासरी घ्यायची. ती येते २४ हजार. आता ६० आर जमीन गेली, गुणक (बाजारमूल्याला ज्याने गुणायचे तो आकडा) २ लागू आहे, दिलासा रक्कम (सक्तीने जमीन गेल्याबद्दलची जादा रक्कम) १०० टक्के आहे, विहीर आणि झाडे मिळून ३ लाख धरले आणि १२ टक्के रकमेसाठी कालावधी १८ महिने निघाला, असे धरून चला.

| बाब | १९ हजार दराने | २४ हजार दराने |
|---|---|---|
| जमिनीचे बाजारमूल्य | ११.४० लाख | १४.४० लाख |
| गुणक २ लावून | २२.८० लाख | २८.८० लाख |
| विहीर, झाडे | ३.०० लाख | ३.०० लाख |
| दिलासा रक्कम, १०० टक्के | २५.८० लाख | ३१.८० लाख |
| मूळ बाजारमूल्यावर १२ टक्के, १८ महिने | २.०५ लाख | २.५९ लाख |
| एकूण | ५३.६५ लाख | ६६.१९ लाख |

आकडे समजण्यापुरते आहेत. पण आरला पाच हजारांचा फरक साडेबारा लाखांवर कसा जातो ते यातून दिसेल. अगदी पहिल्या ओळीतली चूक पुढच्या ओळींत वाढत जाते, म्हणून तपासणी पहिल्या ओळीपासून सुरू करा.

एकेक ओळ तपासताना हे बघा:

*एकके.* एक आर म्हणजे १०० चौरस मीटर, एक हेक्टर म्हणजे १०० आर, आणि एक एकर म्हणजे ४० गुंठे किंवा सुमारे ४०.४७ आर. गुंठा आणि आर जवळजवळ सारखे असले तरी एकच नाहीत. खरेदीखतात गुंठे, निवाड्यात हेक्टर आणि प्लॉटच्या खतात चौरस फूट असते. सगळे एका एककात आणल्याशिवाय तुलना करू नका.

*वगळलेली खते.* बाजारभावाचे निदर्शक नाहीत असे वाटणारे व्यवहार जिल्हाधिकारी बाजूला ठेवू शकतात, पण त्याचे कारण निवाड्यात हवे. सर्वांत जास्त दराची दोन खते कारण न देता गाळलेली असतील, तर तो ठळक मुद्दा आहे.

*गुणक.* शहरी भागात १. ग्रामीण भागात १ ते २ यांच्या दरम्यान, राज्य शासनाच्या अधिसूचनेने ठरलेला. महाराष्ट्रात या अधिसूचना एकाहून अधिक वेळा बदलल्या आहेत, त्यामुळे शेजारच्या तालुक्यातल्या जुन्या निवाड्याचा गुणक आपल्याला लागेलच असे नाही. आपल्या प्रकरणाच्या तारखेला कोणती अधिसूचना अमलात होती ते शोधा आणि तिची प्रत जोडा.

*बारा टक्के.* कलम ३०(३) खालची ही रक्कम सामाजिक परिणाम अभ्यासाच्या अधिसूचनेपासून निवाडा किंवा ताबा, यांपैकी आधीच्या तारखेपर्यंत चालते. ज्या प्रकल्पांना हा अभ्यास माफ असतो, तिथे सुरुवातीची तारीख कोणती धरली ते बघा. कधी कधी ही ओळच सापडत नाही. आणि ही रक्कम म्हणजे व्याज नव्हे. उशिराच्या पैशांवरचे व्याज वेगळे.

*क्षेत्र आणि प्रकार.* निवाड्यातले क्षेत्र ‘क’ प्रतीशी जुळते का? पोटखराबा, म्हणजे लागवडीला अयोग्य जमीन, म्हणून किती काढले? बागायतीचा दर बागायत क्षेत्राला लागला का?

*उरलेली जमीन.* रस्ता मधून गेला आणि विहीर एका बाजूला, शेत दुसऱ्या बाजूला राहिले, तर विभागणीचे नुकसान कलम २८ खाली वेगळे मागता येते. पाइपलाइन तुटणे, वहिवाट बंद होणे, उरलेला तुकडा कसण्याजोगा न राहणे, सगळे यात मोडते. अर्जात हा मुद्दा बहुतेक जण विसरतात.

इशारा: निव्वळ बेरजेची किंवा लेखनाची चूक असेल तर ती कलम ३३ खाली निवाड्यापासून सहा महिन्यांत दुरुस्त करून घेता येते. त्यासाठी अर्ज जरूर द्या, पण त्या दुरुस्तीची वाट बघत कलम ६४ ची मुदत घालवू नका. दोन्ही अर्ज सोबत चालू द्या.

## ६. अर्ज लिहा आणि योग्य खिडकीवर द्या

अर्ज जिल्हाधिकाऱ्यांच्या नावे, भूसंपादन अधिकाऱ्यांमार्फत द्यायचा. प्राधिकरणात किंवा दिवाणी न्यायालयात नव्हे. कलम ६३ ने दिवाणी न्यायालयाचा दरवाजा या वादांना बंद केला आहे. तिथे दावा ठोकून वर्ष घालवलेले लोक कमी नाहीत.

अर्जात असावे:

१. अर्जदारांची नावे सातबाऱ्याप्रमाणे, गट नंबर, निवाड्यातला अनुक्रमांक, गेलेले क्षेत्र.
२. निवाड्याचा क्रमांक आणि तारीख, नोटीस मिळाल्याची तारीख, हजर होता की नव्हता.
३. निवाडा मान्य केलेला नाही आणि रक्कम निषेध नोंदवून घेतली आहे, हे स्पष्ट वाक्य.
४. हरकती शीर्षकनिहाय: मोजणी, जमिनीचा दर, झाडे-विहीर-बांधकाम, विभागणीचे नुकसान, पुनर्वसनाचे हक्क, रकमेची वाटणी.
५. प्रत्येक शीर्षकाखाली मागणीची रक्कम आणि ती कशी काढली याचे दोन ओळींचे गणित.
६. प्रकरण कलम ६४ खाली प्राधिकरणाकडे पाठवावे, ही विनंती.

दर अव्वाच्या सव्वा मागून ‘कोर्ट निम्मे तरी देईल’ असा हिशेब करू नका. पुरावा असेल तर मागितल्यापेक्षा जास्त रक्कम देण्याचाही अधिकार न्यायालयाला आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने जुन्या कायद्याखालच्या प्रकरणांत मान्य केले आहे. मागणी पुराव्याच्या आसपास ठेवा. पुढे अपिलात फी याच फरकावर मोजली जाते.

जमीन सामायिक असेल तर सगळ्या हिस्सेदारांची नावे आणि सह्या घ्या. मोठ्या भावाने अर्ज केला, बाकीच्यांनी ‘आपलेच आहे’ म्हणून केला नाही, आणि वाढ फक्त त्याच्या हिश्श्यापुरती अडकली, असे होते. मयत खातेदाराच्या नावाने अर्ज करू नका. वारसांची नावे घाला आणि फेरफार सोबत लावा. बहिणींची नावे गाळल्यास वाटणीचा वाद पुढे उभा राहतो आणि मूळ प्रकरण त्याच्या मागे रांगेत लागते.

तपासा: दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का आला का? ‘साहेब मीटिंगला आहेत, ठेवून जा’ हे उत्तर म्हणजे पोच नव्हे.

## ७. तीस दिवस मोजा

अर्ज मिळाल्यापासून ३० दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांनी प्रकरण प्राधिकरणाकडे पाठवायचे असते. बहुतेक वेळा ते तिथेच पडून राहते, आणि अर्जदाराला वाटते की आपला अर्ज ‘कोर्टात आहे’. एकतिसाव्या दिवशी लेखी विचारणा करा. उत्तर नाही, तर कायद्याने थेट उपाय दिला आहे: प्राधिकरणाकडे अर्ज करून, जिल्हाधिकाऱ्यांना ३० दिवसांत प्रकरण पाठवण्याचा आदेश मागता येतो. पोचेची प्रत इथेच कामाला येते.

प्रकरण पोचल्यावर त्याचा क्रमांक आणि पहिली तारीख स्वतः जाऊन घ्या. पत्ता बदलला असेल तर लेखी कळवा.

## ८. पुरावा: इथे तुम्ही वादी असता

पुण्याच्या भूसंपादन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्ये (चिमणलाल हरगोविंददास खटला) जे सूत्र घालून दिले, त्यावरच आजही ही प्रकरणे तोलली जातात. संदर्भ म्हणजे निवाड्यावरचे अपील नव्हे. न्यायालय नव्याने मूल्य ठरवते, आणि दिलेली रक्कम अपुरी आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी जमीनमालकाची, वाद्यासारखी. अधिकाऱ्याने निवाड्यात ज्या खतांचा आधार घेतला तीसुद्धा, पुराव्यात रीतसर आल्याशिवाय, मोजली जात नाहीत. म्हणजे निवाड्यातली उणीदुणी काढून काम भागत नाही. आपला दर आपण उभा करायचा.

खते निवडताना. पंचवीस खते टाकण्यापेक्षा चार-पाच घट्ट खते बरी. क्रम असा लावा: त्याच गावातले, लगतच्या गटातले, अधिसूचनेच्या जवळच्या तारखेचे, क्षेत्राने तुमच्या जमिनीच्या आसपासचे. पाच गुंठ्यांच्या बिगरशेती प्लॉटचा दर तीन हेक्टर शेतीला लावा म्हटले, तर न्यायालय रस्ते, मोकळ्या जागा आणि विकासखर्चापोटी मोठी वजावट करते. नातेवाइकांमधले, बक्षिसासारखे किंवा अधिसूचनेची कुणकुण लागल्यावर घाईने झालेले व्यवहार टाळा. उलटतपासात ते आधी पडतात. नोटरी केलेली साठेखते या सरासरीत धरली जात नाहीत. साठेखतही नोंदणीकृतच लागते.

नोंदणीकृत खताची प्रमाणित प्रत पुराव्यात घेता येते. पण प्रत दाखल होणे वेगळे आणि तिच्यावर भार टाकला जाणे वेगळे. खरेदीदार किंवा विक्रेता साक्षीला आला, जमीन कशी होती, पैसे कसे दिले हे सांगितले, तर त्या खताचे वजन वाढते. शक्य असेल त्या दोन खतांसाठी तरी साक्षीदार आणा.

नकाशा. गावनकाशावर आपला गट एका रंगात, दाखला दिलेले गट दुसऱ्या रंगात भरा. राज्य रस्ता, गावठाण, कालवा, शाळा, कारखाना दाखवा आणि प्रत्येक अंतर मीटरमध्ये लिहा. ‘जमीन रस्त्यालगत आहे’ हे दहा वाक्यांत सांगितलेले साक्षीत हरवते. नकाशावर एका नजरेत दिसते. तो कुणी काढला, त्याने शपथपत्र द्यावे.

मूल्यांकन अहवाल. खासगी मूल्यांकनकाराचा अहवाल नुसता जोडून उपयोग नाही. त्याला साक्षीला यावे लागते, आणि त्याने जागेला कधी भेट दिली, कोणती खते पाहिली, बेरीज-वजाबाकी कशी केली हे सांगावे लागते. ताबा गेल्यानंतर दोन वर्षांनी, रस्ता झालेला बघून केलेला अहवाल कुचकामी.

झाडे आणि विहीर. पंचनाम्यात संख्या, जात, वय आणि फळधारणा असायला हवी. ‘आंबा १२’ एवढ्यावर किंमत ठरत नाही. फळझाडांसाठी कृषी विभाग, जंगली झाडांसाठी वन विभाग आणि विहीर-बांधकामासाठी सार्वजनिक बांधकाम विभागाचे मूल्यांकन निवाड्यात असते. त्याच्या प्रती मागवून आकडे जुळवा. एक पथ्य पाळा: बागेच्या उत्पन्नावरून जमिनीची किंमत काढली असेल, तर त्याच झाडांची वेगळी किंमत पुन्हा मागता येत नाही. दुहेरी मागणी दिसली की दोन्हींकडे संशयाने बघितले जाते.

शेजारच्या संपादनाचे निकाल. जुन्या कायद्यात हाच हुकमी पुरावा असे, आणि अनेक जण आजही तोच घेऊन येतात. २०१३ च्या कायद्याच्या कलम २६ मधल्या स्पष्टीकरणानुसार, याच कायद्याखाली जिल्ह्यात आधी दिलेला मोबदला बाजारमूल्य काढताना विचारात घेता येत नाही. त्यामुळे केवळ पलीकडच्या गावच्या निवाड्यावर सगळी भिस्त ठेवू नका, खरेदीखते हवीतच.

इशारा: निकालातल्या टक्केवारीवर फी ठरवणे वकिलांना बार कौन्सिलच्या नियमांनी मना आहे. ‘वाढीव रकमेच्या वीस टक्के द्या, बाकी आम्ही बघतो’ म्हणणाऱ्या मध्यस्थाकडे कोऱ्या वकीलपत्रावर किंवा कोऱ्या धनादेशावर सही करू नका. तडजोडीच्या पुरसिसीवर (न्यायालयात दिलेल्या लेखी निवेदनावर) तुमच्या नावाने काय लिहिले गेले, हे पैसे आल्यावर कळते.

## ९. निकालानंतर: व्याज, अपील, वसुली

प्राधिकरणाचा निकाल हातात आला की आधी अंतिम आदेशाचा परिच्छेद वाचा. वाढीव दर, त्यावर गुणक, दिलासा रक्कम, १२ टक्के, आणि कलम ७२ खालचे व्याज हे सगळे लिहिले आहे का? वाढीव रकमेवर ताब्याच्या तारखेपासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे १५ टक्के असे हे व्याज आहे. एखादी बाब राहून गेली असेल तर दुरुस्तीचा अर्ज लगेच द्या. वसुलीच्या वेळी आदेशात नसलेले पैसे मिळत नाहीत.

वाढ अपुरी वाटली तर कलम ७४ खाली उच्च न्यायालयात अपील: ६० दिवस, आणि सबळ कारण असेल तर आणखी ६० दिवस. सरकार किंवा संपादन करणारी संस्था अपिलात जाणार हे गृहीत धरून कॅव्हेट (आपले ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा अर्ज) दाखल करा. ते ९० दिवस चालते, संपले की पुन्हा द्यावे लागते. त्यांच्या अपिलाची नोटीस आल्यावर तुमचे स्वतंत्र अपील नसेल, तर महिन्याच्या आत उलट-हरकती दाखल करता येतात. स्थगिती देताना न्यायालय बहुधा रक्कम जमा करायला लावते. त्यातला भाग हमी देऊन काढता येतो. त्यासाठी वेगळा अर्ज करावा लागतो, आपोआप काही येत नाही.

वसुलीसाठी दरखास्त करताना तक्ता वर्षनिहाय मांडा. मधल्या काळात जमा झालेली प्रत्येक रक्कम तारखेसह दाखवा, कारण कोणत्या तारखेला किती व्याज थांबले यावरच सरकारी वकील बोट ठेवतो. कलम ९६ प्रमाणे या कायद्याखालच्या निवाड्यावर आयकर नाही. तरी पैसे देताना करकपात होते आहे असे दिसले, तर आधीच लेखी पत्र देऊन ते कलम दाखवा. व्याजाच्या रकमेबद्दल सनदी लेखापालाचा सल्ला घ्या. तिचा विचार मुद्दलापेक्षा वेगळा होतो.

## १०. ज्यांनी अर्जच केला नाही त्यांच्यासाठी: कलम ७३

त्याच कलम ११ च्या अधिसूचनेत जमीन गेलेल्या एखाद्या शेजाऱ्याला प्राधिकरणाने वाढ दिली, तर कलम ६४ चा अर्ज न केलेल्या इतरांनाही त्या दराने फेरनिश्चिती मागता येते. अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे, प्राधिकरणाच्या निकालापासून तीन महिन्यांत. निकालाचा दिवस आणि त्याची नक्कल मिळण्यास लागलेला काळ यातून वगळला जातो.

अटी कडक आहेत. अधिसूचना तीच हवी. शेजारच्या गावची, दुसऱ्या तारखेची चालत नाही. स्वतः कलम ६४ चा अर्ज करून हरलेल्याला हा रस्ता नाही. आणि तीन महिन्यांची गणती निकालापासून होते. शेजाऱ्याच्या खात्यात पैसे आले आणि गावात बातमी फुटली, तेव्हापासून नव्हे. म्हणून ज्यांचा अर्ज राहिला आहे त्यांनी आपल्या अधिसूचनेतली कोणती प्रकरणे प्राधिकरणात चालू आहेत त्यांचे क्रमांक टिपून ठेवावेत आणि महिन्यातून एकदा त्यांची स्थिती बघावी. जिल्हाधिकाऱ्यांनी फेरनिश्चितीत दिलेली रक्कम मान्य नसेल, तर तिथूनही प्रकरण प्राधिकरणाकडे पाठवण्याची मागणी करता येते.